लागिर : घरी परतलेल्या फौजीची मालिका

(या भागाचा लिखित मजकूर. बोलण्याच्या ओघातले काही शब्द तसेच ठेवले आहेत.)

हेडफोन नीट लागलेत ना? कापूरबावडीच्या सिग्नलला किंवा गायमुखच्या घाटात अडकला असाल तर हा भाग तुमच्यासाठीच आहे, कारण आपल्याकडे आज वेळच वेळ आहे.

मी घोडबंदर रोडवर राहते. इथे राहणाऱ्यांना हे माहीत असतं की आतल्या बाजूला वळलं की कुठल्या तरी बंगल्याबाहेर जनरेटरची गाडी उभी असते, खुर्च्या मांडलेल्या असतात, आणि भरजरी साडीतली एक सासू प्लास्टिकच्या कपातून चहा पीत असते. मालिकांची शूटिंग. अर्धा महाराष्ट्र रात्री आठ ते दहा ज्या घरांत जगतो, त्यातली बरीच घरं आपल्या शेजारी आहेत. त्या घरांत लग्नं होतात, कटकारस्थानं होतात, मेलेली माणसं परत येतात, चेहरा बदलून परत येतात, स्मृती गमावून परत येतात. मग एक माणूस परत का येत नाही, हा आजचा प्रश्न आहे. तो माणूस म्हणजे फौजी. जिवंत, धडधाकट, पेन्शन घेऊन घरी आलेला, आणि रात्री झोप न येणारा.

म्हणजे फौजी आपल्या मालिकांत नाहीत असं नाही. 'लागिरं झालं जी' आठवत असेल. झी मराठी, मे २०१७ ते जून २०१९. साताऱ्याकडचं गाव, अज्या आणि शीतली, आणि अज्याचं सैन्यात जायचं वेड. मला ती मालिका आवडायची, आणि हे मी अजिबात लाजत सांगत नाहीये. भरतीच्या मैदानावर धावणारी पोरं, उंची एका बोटाने कमी पडली म्हणून रडणारी पोरं, हे मराठी टीव्हीवर इतकं जवळून कुणी दाखवलं नव्हतं. पण तिचा जीव होता तो प्रेमात आणि भरतीत. सैन्यात जाण्यात.

दुसरी गोष्ट आपल्याला येते ती तिरंग्यात लपेटून आलेल्याची. ती आपल्याला खरोखर येते. याच रस्त्याच्या दुसऱ्या टोकाला, काशिमिऱ्याच्या पुढे मिरा रोडला, मेजर कौस्तुभ राणे यांचं घर. ऑगस्ट २०१८ मध्ये काश्मीरच्या गुरेझमध्ये ते शहीद झाले, तेव्हा सगळं मिरा रोड रस्त्यावर उतरलं होतं. पुढे त्यांच्या पत्नी कनिका राणे स्वतः सैन्यात अधिकारी झाल्या, २०२० मध्ये. अशा वेळी काय करायचं ते आपल्याला कळतं. उभं राहायचं, फुलं टाकायची, घोषणा द्यायच्या.

जाणारा कळतो. न परतलेला कळतो. परतलेल्याचं काय करायचं, ते कळत नाही.

एकदाच एका मोठ्या चॅनेलने प्रयत्न केला होता. 'पीओडब्ल्यू : बंदी युद्ध के'. स्टार प्लस, नोव्हेंबर २०१६. हिंदीत, निखिल अडवाणीने केलेली. कारगिल युद्धात बेपत्ता झालेले दोन सैनिक सतरा वर्षांनी घरी येतात, तिथून गोष्ट सुरू होते. पूरब कोहली आणि सत्यदीप मिश्रा हे दोघं सैनिक, अमृता पुरी आणि संध्या मृदुल त्यांच्या घरातल्या बायका. ठरावीक भागांत संपवायची, ओढत न्यायची नाही, असं आधीच ठरवून केलेली. २०१७ च्या सुरुवातीला संपलीसुद्धा. तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी तिचं नावही ऐकलं नसेल.

मूळ गोष्ट इस्रायलची. गिडॉन राफ याने लिहिलेली आणि दिग्दर्शित केलेली 'हातुफिम', २०१० ची. त्यावरूनच २०११ मध्ये अमेरिकेत 'होमलँड' आली. ती तुम्ही पाहिली असेल, किंवा निदान कुणीतरी 'बघच' म्हणून डोकं खाल्लं असेल. तर एका हिब्रू मालिकेच्या दोन मुली, एक अमेरिकन आणि एक आपली.

'हातुफिम' पाहताना मला सगळ्यात जास्त काय लागलं, सांगू? कैदेतल्या छळाचे प्रसंग आहेत त्यात, पण ते नाही. घर. सतरा वर्षं कैदेत राहून आलेल्या एकाची बायको तोवर देशभर प्रसिद्ध झालेली असते, नवऱ्याच्या सुटकेसाठी लढणारी बाई म्हणून. तिने एक नवरा मनात सांभाळून ठेवलेला असतो, फोटोतला, तरुण. आणि दारातून जो आत येतो तो निराळाच कुणीतरी असतो. मुलगा तर वडिलांना आयुष्यात पहिल्यांदा बघतो, सतराव्या वर्षी. आणि दुसऱ्या सैनिकाची प्रेयसी? तिने त्याच्याच भावाशी लग्न केलेलं असतं. खलनायिका नाही ती. जगायचं होतं तिला. बस.

म्हणजे युद्धाची मालिका आणि सगळं नाट्य जेवणाच्या टेबलावर. कुणी कुठल्या खुर्चीत बसायचं इथून प्रश्न. आपल्या मालिकांना यापेक्षा सोपं काय आहे? आपण तर जेवणाच्या टेबलावर हजार भाग काढतो!

पण इथे एक गंमत आहे, आणि माझी खरी तक्रार तीच आहे. तिन्ही मालिकांमध्ये, हिब्रू, अमेरिकन, हिंदी, एक तपास करणारा माणूस असतो. त्याला परतलेल्यांचा संशय येतो. हे खरं सांगतायत का? शत्रूला फितूर झालेत का? 'होमलँड'मध्ये तर अख्खी मालिका त्यावर उभी आहे. ब्रॉडी रात्री घामाघूम होऊन उठतो, कोपऱ्यात जाऊन बसतो, बायकोला जवळ येऊ देत नाही. आणि आपण प्रेक्षक काय करतो? विचार करतो, हा काहीतरी लपवतोय. त्याचं दुःस्वप्न आपल्यासाठी पुरावा होतं. बोटांची हालचालसुद्धा पुरावा होते.

मालिकेला रहस्य लागतं, हे मला मान्य आहे. दर भागाच्या शेवटी काहीतरी लटकत ठेवावं लागतं. पण घरी आलेल्या खऱ्या माणसाकडे रहस्य नसतं. त्याच्याकडे फक्त न आलेली झोप असते. आणि न आलेल्या झोपेचे शंभर भाग होत नाहीत.

आता एक तारखांचा योगायोग सांगते. 'बंदी युद्ध के' सुरू झाली नोव्हेंबर २०१६ ला. त्याच वेळी धुळे जिल्ह्यातल्या बोरविहीर गावचा एक मराठी जवान खरोखर पाकिस्तानच्या ताब्यात होता. चंदू चव्हाण, ३७ राष्ट्रीय रायफल्स. २९ सप्टेंबर २०१६, सर्जिकल स्ट्राइकची घोषणा झाली तो दिवस, त्याच दिवशी तो नियंत्रण रेषेच्या पलीकडे गेला आणि पकडला गेला. बातमी कळल्यावर त्या धक्क्याने त्याची आजी गेली. आई-वडील आधीच नव्हते, आजी-आजोबांनीच वाढवलेला पोरगा. योगायोगाने धुळ्याचेच खासदार सुभाष भामरे तेव्हा संरक्षण राज्यमंत्री होते, त्यामुळे गावाला रोज काही ना काही आशा होती. आणि २१ जानेवारी २०१७ ला पाकिस्तानने त्याला वाघा सीमेवर भारताच्या हवाली केलं.

म्हणजे बघा, टीव्हीच्या एका चॅनेलवर दोन सैनिक परत येऊन घरात अवघडून बसलेत, आणि शेजारच्या न्यूज चॅनेलवर खरा सैनिक परत येतोय. ओवाळणं, ढोल-ताशे, पेढे. न्यूज चॅनेलचा कॅमेरा कुठे थांबला? त्याच्या परतीवर. पुढचं फार थोड्यांना माहीत आहे. कोर्ट मार्शल झालं, काही महिन्यांची शिक्षा झाली. पुढे त्याने स्वतः माध्यमांसमोर येऊन आपल्याला मिळणाऱ्या वागणुकीबद्दल तक्रार केली. त्यात कोण बरोबर, कोण चूक यावर मी इथे बसून निकाल देणार नाही. मला फक्त एवढं दिसतं, की कैदेत जवळपास चार महिने काढून आलेल्या तरुण पोराला आपण पेढा भरवला आणि टीव्ही बंद केला.

आणि सतरा वर्षं वाट बघणारी बायको ही लेखकाची कल्पना वाटत असेल, तर हे ऐका. फ्लाइट लेफ्टनंट विजय वसंत तांबे. ५ डिसेंबर १९७१ ला त्यांचं विमान पाकिस्तानात पडलं. त्या युद्धातले जे चोपन्न जण बेपत्ता आणि पाकिस्तानच्या कैदेत असावेत असं मानलं गेलं, त्या यादीत त्यांचं नाव आहे. पाकिस्तानने कायम नाकारलं. त्यांच्या पत्नी दमयंती तांबे बॅडमिंटनच्या राष्ट्रीय विजेत्या, १९७० चा अर्जुन पुरस्कार मिळालेल्या. लग्नाला दोन वर्षंही झाली नव्हती. त्यांनी पुढचं आयुष्य दिल्लीत जेएनयूच्या क्रीडा विभागात नोकरी करत आणि नवऱ्याचा शोध घेत काढलं. २००७ मध्ये बेपत्ता सैनिकांचे नातेवाईक पाकिस्तानातल्या तुरुंगांत जाऊन आले, त्यांत त्या होत्या. हाती काही लागलं नाही. सतरा वर्षांचं काय घेऊन बसलात, पन्नासच्या वर झाली.

त्यांची मालिका मी बघितली असती. एकही हेर नसलेली.

बरं. आता घरातलं. हे मी मामा-मामींना विचारून सांगतेय. नावं सांगणार नाही.

माझे मामा मराठा लाइट इन्फंट्रीतून हवालदार म्हणून निवृत्त झाले. सातारा जिल्हा, माण तालुका. सर्व्हिसमध्ये दोनदा राष्ट्रीय रायफल्समध्ये काश्मीरला होते. आता घोडबंदर रोडवरच्या एका टॉवरमध्ये सिक्युरिटी सुपरवायझर आहेत. तुमच्या गेटवर जे काका गाडीचा नंबर लिहून घेतात ना, निळा शर्ट, मिशा, पाठ अशी ताठ की आपलीच कंबर दुखावी, त्यांच्यातले बरेच जण माजी सैनिक असतात. विचारून बघा कधीतरी. तुम्ही ज्यांच्याशी 'ओटीपी सांगा' एवढंच बोलता, ते सियाचीनला राहून आलेले असू शकतात.

मामा नाइट शिफ्ट मागून घेतात. सोसायटीवाले खूश. 'एवढी वर्षं झाली, साहेब कधी डुलकी घेताना दिसले नाहीत.' सेक्रेटरींनी १५ ऑगस्टला नारळ आणि शाल देऊन सत्कार केला त्याबद्दल. मी मामांना म्हटलं, रोज रोज रात्रपाळी कशाला? तर म्हणाले, "झोप येतच न्हाई. मग पगार तरी घ्यायचा."

हे वाक्य त्यांनी विनोद म्हणून टाकलं होतं. आम्ही हसलोसुद्धा. मामी हसल्या नाहीत.

मामी त्यांना हात लावून उठवत नाहीत. लग्नाला पंचवीस वर्षं होऊन गेली, पण सकाळी ड्यूटीवरून येऊन झोपले आणि जेवायला उठवायचं असलं, की मामी दारात उभ्या राहतात आणि लांबून हाक मारतात. "अहो." मग थांबतात. पुन्हा, "अहो." सुरुवातीच्या काळात एकदा खांद्याला हात लावला होता, तेव्हा काय झालं ते त्या सांगत नाहीत. मनगट दाखवतात फक्त. मुलाला पण लहानपणापासून तेच शिकवलंय, बाबांना हात लावून उठवायचं नाही. तो समजायचा की सगळ्याच घरांत असं असतं.

फटाक्यांचं काय, असं तुम्ही विचाराल, कारण सिनेमात तेच दाखवतात. गंमत म्हणजे दिवाळीचं त्यांना काही वाटत नाही. दिवाळीत फटाके वाजणार हे माहीत असतं. मेट्रोच्या खांबांचं पायलिंग वर्षानुवर्षं घराशेजारी चाललं होतं, त्याचंही नाही. कंटाळा यायचा, चिडायचे, सगळ्या ठाण्यासारखेच. पण कुकरचं झाकण हातातून फरशीवर पडलं, किंवा वरच्या मजल्यावर सुताराने प्लायवूड टाकला, की मामा क्षणात भिंतीला पाठ लावून उभे असतात. आणि मग पुढचा अर्धा तास कुणाशी बोलत नाहीत. घाबरलेले नसतात, शरमलेले असतात.

याचं साधं स्पष्टीकरण आहे, ते सांगून टाकते. आपल्या टॉवरमध्ये घराघरांत स्मोक डिटेक्टर असतो. मिरचीची फोडणी जरा जास्त झाली की तो बोंबलतो. त्याला आग आणि फोडणी यांतला फरक कळत नाही, आणि त्याला तसाच बनवलेला असतो, कारण खरी आग लागल्यावर विचार करत बसणारा डिटेक्टर काय कामाचा? आपल्या मेंदूतही धोक्याची घंटा वाजवणारी एक यंत्रणा असते. बरीच वर्षं जिथे प्रत्येक आवाज जिवावरचा असू शकतो अशा ठिकाणी राहिलेल्या माणसाची घंटा फार हलक्या हाताने वाजायला शिकते. तिथे ती बरोबर होती. तिच्यामुळे तो जिवंत परत आला. इथे, वन बीएचकेमध्ये, तीच घंटा प्रत्येक फोडणीला वाजते. आणि आठवणीचं पण तसंच. आपल्या आठवणींवर 'झालं ते झालं' असा शिक्का असतो. या आठवणींवर तो शिक्का नीट बसत नाही. त्या आठवत नाहीत. त्या पुन्हा घडतात.

पहिल्या महायुद्धात, १९१५ मध्ये, चार्ल्स मायर्स नावाच्या ब्रिटिश डॉक्टरने याला 'शेल शॉक' म्हटलं. पीटीएसडी हे नाव अधिकृत पुस्तकात यायला १९८० उजाडलं, तेही व्हिएतनामहून परतलेल्या अमेरिकन सैनिकांनी वर्षानुवर्षं धोशा लावला म्हणून. मधल्या पासष्ट वर्षांत घरी आलेल्यांना काय म्हणत असतील? आणि आपल्याकडे?

साताऱ्याजवळ अपशिंगे नावाचं गाव आहे. अपशिंगे मिलिटरी असंच म्हणतात त्याला. पहिल्या महायुद्धात या एका गावातले ४६ जण गेले, त्यांच्या स्मरणाचा दगड गावात आहे. त्याच युद्धात आपली सहावी पूना डिव्हिजन आज ज्याला इराक म्हणतात तिथे कूट या गावात वेढली गेली, उपासमारीने बेजार झाली, आणि २९ एप्रिल १९१६ ला शरण गेली. हजारो हिंदी सैनिक कैद झाले, त्यांत मराठा पलटणींचे लोक होते. काही परत आले. दगडावर गेलेल्यांचा आकडा असतो. परतून ओसरीवर रात्रभर बसून राहणाऱ्यांचा आकडा कुणी कोरून ठेवत नाही.

मामींच्या सासूबाई, म्हणजे माझी आजी, तिच्याकडे मात्र शब्द होता. लागिर. "त्याला लागिर झालंय." आपल्याला हा शब्द मालिकेमुळे गोड वाटतो, प्रेमात पडणं वगैरे. मूळ अर्थ झपाटणं. बाहेरचं काहीतरी अंगात शिरलंय आणि माणूस ताब्यात नाही, त्याला लागिर म्हणायचं. आजीने मामांच्या पहिल्या सुट्टीत देवऋषी आणला होता, लिंबू उतरवला होता. आम्ही हे सांगून खूप हसतो. पण आता मला वाटतं, घरात फक्त तिनेच ओळखलं होतं की पोरगा आलाय आणि त्याच्यासोबत आणखी काहीतरी आलंय. उपाय चुकला. निदान नाही चुकलं.

'बंदी युद्ध के' मामा-मामींनी लावली होती. मामांनी चार-पाच भाग बघितले आणि एक दिवस रिमोट घेऊन क्रिकेट लावलं. मी विचारलं, का हो मामा, आवडली नाही? "ते दोघं काहीतरी लपवत्यात असं दाखवायलेत सारखं," म्हणाले. "लपवायला काय असतंय?"

मामींनी उरलेली मोबाइलवर बघितली, एकटीने, कानात हेडफोन घालून. त्यांना पाकिस्तान, तपास, कोण फितूर, याच्याशी देणंघेणं नव्हतं. त्यांचं सगळं लक्ष त्या दोन बायकांवर. एकदा मला म्हणाल्या, "त्यांना कुणीतरी विचारतंय तरी, की बाई, तू कशी आहेस." मला हे त्या मालिकेचं सगळ्यात चांगलं परीक्षण वाटतं. इंटरनेटवर तिच्याबद्दल जे काही लिहिलं गेलं त्या सगळ्यापेक्षा.

हे सगळं आत्ता का काढलं? कारण माझा मामेभाऊ. एकोणीस वर्षांचा आहे. पहाटे पाचला उठून सर्व्हिस रोडवर धावतो, सोळाशे मीटर, हातात स्टॉपवॉच. अग्निवीर व्हायचंय. मामा गेटवरून येताना त्याला बघतात, वेळ विचारतात, "अजून दहा सेकंद कमी कर" म्हणतात. अभिमान तर दिसतोच चेहऱ्यावर. पण काश्मीरबद्दल, झोपेबद्दल, अजून एक शब्द बोललेले नाहीत त्याच्याशी.

तुमच्यापैकी कितीतरी जण या वयाचे आहात, म्हणून हिशोब सांगते. अग्निपथ योजना जून २०२२ ची. पहिली तुकडी त्या हिवाळ्यात प्रशिक्षणाला दाखल झाली. चार वर्षांची नोकरी. म्हणजे २०२६ च्या अखेरीपासून पहिले अग्निवीर घरी यायला लागतात. जास्तीत जास्त चौथा हिस्सा कायम होणार, बाकीचे परत. हातात रक्कम असेल, पण पेन्शन नाही, आणि माजी सैनिकांना जी ईसीएचएसची वैद्यकीय सोय मिळते तीही नाही. योजना चांगली की वाईट हा आजचा विषय नाही, त्यावर भांडायला व्हॉट्सअॅप ग्रुप आहेत. मी फक्त परतणाऱ्यांचं वय बघतेय. मामा परत आले ते चाळिशीकडे झुकताना, बायको-पोरासह, पलटणीतल्या जुन्या मित्रांच्या फोन नंबरांसह. हे परत येतील बावीस-तेवीसचे. त्यांतल्या बहुतेकांना काहीही होणार नाही, हेही स्पष्ट सांगते. सैन्यात गेलेला प्रत्येक जण असा आजारी होऊन येतो ही समजूत तितकीच खोटी आणि त्यांच्यावर अन्याय करणारी. पण ज्यांना होईल, ते तुमच्या वर्गातले, तुमच्या जिममधले असतील. आणि त्यांच्या घरी देवऋषीचा शब्द जाणणारी आजीसुद्धा नसेल.

मग करायचं काय? मामांना मी एकदा म्हटलं, एखाद्या डॉक्टरला भेटू या का, मानसोपचाराच्या? ते इतके जोरात हसले! "म्हणजे मला ठाण्याला पाठवती का तू?"

आता हा विनोद बाहेरगावच्यांना समजावून सांगावा लागेल. अख्ख्या महाराष्ट्रात वेड्याला म्हणतात, याला ठाण्याला पाठवा. कारण इथलं मनोरुग्णालय, १९०१ पासूनचं. आम्ही ठाणेकर हे लहानपणापासून ऐकतो. गावाला लग्नात कुणी विचारलं कुठे राहता आणि 'ठाण्याला' म्हटलं की एक तरी मामा-काका डोळा मारतोच. तर मामा राहतात ठाण्यात, नोकरी करतात ठाण्यात, आणि त्यांना भीती कसली, तर ठाण्याला पाठवण्याची. हसण्यावारी गेलं ते. पण एका शहराच्या नावाचा असा वापर शंभर वर्षं झाला, की त्या शहरातला माणूस डॉक्टरकडे कसा जाईल?

खरं तर याच्यावर उपचार आहेत, आणि ते भरती करून घेण्याचे नाहीत. बहुतेक वेळा आठवड्यातून एकदा जाऊन बोलायचं असतं, ठरावीक पद्धतीने. त्या आठवणीकडे थोडं थोडं, सुरक्षित जागी बसून परत जायचं, म्हणजे तिच्यावर तो 'झालं ते झालं'चा शिक्का हळूहळू बसतो. काहींना त्याबरोबर गोळ्या लागतात. घंटा पूर्ण बंद होईलच असं नाही, पण फोडणीला वाजणं कमी होऊ शकतं.

आणि एक नंबर आहे. १४४१६. टेलि मानस. सरकारी, फुकट, चोवीस तास, ऑक्टोबर २०२२ पासून. मराठीत बोलता येतं. १ डिसेंबर २०२३ ला सैन्यातल्या लोकांसाठी आणि त्यांच्या घरच्यांसाठी याचा एक खास कक्ष पुण्यात, एएफएमसीमध्ये सुरू झाला, कारण फौजीला हे कळत नाही की सिव्हिलियन माणसाला 'पोस्ट' म्हणजे काय ते समजावून सांगण्यात पहिला अर्धा तास का घालवायचा. फोन फक्त ज्याला त्रास होतो त्यानेच करायचा असतो असं नाही. त्याच्या दारात उभं राहून लांबून हाक मारणाऱ्यानेही करायचा.

मामींनी केला. मागच्या महिन्यात, दुपारी, मामा झोपलेले असताना, खाली बागेत जाऊन. चाळीस मिनिटं बोलल्या. काय बोलल्या ते मला सांगितलं नाही, आणि मी विचारलं नाही. वर येऊन त्यांनी भाकरी केल्या.

मामांनी अजून केलेला नाही. नंबर त्यांच्या ड्यूटीच्या डायरीत आहे, मी बघितला. फायर ब्रिगेड, लिफ्टवाला, टँकरवाला, आणि त्याखाली १४४१६. नाव लिहिलेलं नाही पुढे.

तुमच्या घरी, गावी, गेटवर कुणी फौजी असेल तर त्यांच्याबद्दल लिहून पाठवा. त्यांना विचारून. आणि हो, 'लागिरं'च्या चाहत्यांनो, मला शिव्या द्यायच्या असतील तर त्याही पाठवा, सगळ्या वाचते. पुढच्या भागात भेटू.